लीश प्रशिक्षण

लीश प्रशिक्षण म्हणजे गळपट्ट्याला किंवा हार्नेसला जोडलेली दोरी (लीश) न ताणता, माणसाच्या चालीने शांतपणे चालण्याची सवय कुत्र्याला लावणे. मुंबईतील गिरगाव, दादर, परळ, लालबाग अशा दाट वस्तीच्या भागांत हा सुरक्षिततेचा प्रश्न ठरतो. तेथे कुत्र्याने अचानक हिसका दिल्यास पादचारी पडू शकतो किंवा कुत्रा वाहनाखाली येऊ शकतो.

ओढण्याची कारणे

कुत्र्याची स्वाभाविक चाल माणसापेक्षा वेगवान असते आणि निरनिराळे वास त्याला पुढे खेचतात. दोरी ताणलेली असतानाही माणूस मागोमाग चालत राहिला, तर ओढल्याने हवे तेथे पोहोचता येते, हे कुत्रा शिकतो. परिणामांवरून वर्तन घडण्याच्या या प्रक्रियेस मानसशास्त्रात 'साधक अभिसंधान' म्हणतात. बी. एफ. स्किनर यांनी तिचा पद्धतशीर अभ्यास केला.

साधने

सुमारे दीड ते दोन मीटर लांबीची साधी दोरी सोयीची असते. आपोआप गुंडाळली जाणारी दोरी सतत किंचित ताणलेली राहत असल्याने प्रशिक्षणास उपयुक्त नसते. गळपट्टा ओढला गेल्यास कुत्र्याच्या डोळ्यांतील दाब वाढतो, हार्नेसने मात्र लक्षणीय वाढ होत नाही, असे २००६ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात आढळले.

पद्धत

सुरुवात घरात किंवा इमारतीच्या शांत भागात करतात. कुत्रा शेजारी चालत असताना दोरी सैल राहिली की लगेच खाऊ देतात. दोरी ताणताच माणूस थांबतो किंवा दिशा बदलतो. दोरी सैल झाल्यावरच पुन्हा चालू लागतो. घरातील सर्वांनी हाच नियम पाळणे आवश्यक असते, कारण अधूनमधून ओढू दिल्यास ही सवय अधिक चिवट होते. सत्रे पाच-दहा मिनिटांची ठेवून मध्ये वास घेण्याची मोकळीक देतात. हिसके देणे किंवा मारणे टाळावे. त्यामुळे भीती व आक्रमकता वाढू शकते.

मुंबईतील परिस्थिती

घरातील सराव पक्का झाल्यावर पहाटे, वर्दळ कमी असताना, कुत्र्याला रस्त्यावर नेणे सोपे जाते. प्राणी जन्म नियंत्रण नियम, २०२३ नुसार निर्बीजीकरण व लसीकरण झालेले भटके कुत्रे सामान्यतः मूळ ठिकाणीच सोडले जातात. त्यामुळे बहुतेक गल्ल्यांत तेथलेच कुत्रे असतात. दोरीने बांधलेल्या कुत्र्याला पळता येत नसल्याने त्यांच्यापासून अंतर राखून वळणे हितावह असते. गणेशोत्सवात लालबागमधील गर्दी आणि ढोल-ताशांचा आवाज कुत्र्याला घाबरवू शकतो. पावसाळ्यात हिंदमातासारख्या सखल भागांत साचणाऱ्या पाण्यातून लेप्टोस्पायरोसिसचा धोका असतो.

कुत्रा एकाएकी ओढू किंवा चालण्यास नकार देऊ लागल्यास वेदनेची शक्यता पशुवैद्यकाकडून तपासून घेतात. मुंबई पशुवैद्यकीय महाविद्यालय (स्थापना १८८६) परळ येथेच आहे.

कायदा

प्राण्यापासून माणसाला इजा होऊ नये यासाठी पुरेशी काळजी न घेणे, हा भारतीय न्याय संहितेच्या कलम २९१ नुसार गुन्हा आहे.