स्वसंरक्षणाचा हक्क

(फौजदारी विधी). स्वतःच्या किंवा दुसऱ्याच्या शरीरावर अथवा मालमत्तेवर होणारे गुन्हेगारी आक्रमण परतविण्यासाठी जरूर तेवढे बळ वापरण्याची, प्रसंगी आक्रमकाचा प्राण घेण्याचीही, विधीने दिलेली मुभा. खुनाचा विचार करताना न्यायालय मुख्यतः मारणाऱ्याचा उद्देश पाहते. स्वसंरक्षणात त्याला त्याच्या भीतीचेही मोजमाप करावे लागते. ही भीती वाजवी होती की नाही, हे कोणाच्या दृष्टीने ठरवावयाचे, हाच या विषयाच्या इतिहासातील मुख्य प्रश्न होय.

प्राचीन भारतीय स्मृतिकारांनी हा विचार ‘आततायी’ या संज्ञेभोवती केला आहे. आग लावणारा, विष घालणारा, शस्त्र उगारून येणारा, तसेच धन, शेत व स्त्री यांचे हरण करणारा, असे सहा आततायी वसिष्ठाने सांगितले आहेत. असा मनुष्य गुरू, बालक, वृद्ध वा विद्वान ब्राह्मण असला, तरी त्याला विचार न करता मारावे, असे मनुस्मृती म्हणते. हे वचन टीकाकारांना पेलणे अवघड गेले. मिताक्षराकार विज्ञानेश्वराने ते शब्दशः घेतले नाही. ब्राह्मणवधाचा निषेध त्याला अधिक बलवान वाटला. स्वतःच्या रक्षणाचा हक्क समोरच्याच्या वर्णाप्रमाणे आखडता यावा, ही त्या व्यवस्थेची मर्यादा होती.

इंग्लंडमध्ये स्वसंरक्षणार्थ मनुष्यवध करणारा मध्ययुगात निर्दोष ठरत नसे. १२७८ च्या ग्लॉस्टरच्या कायद्याप्रमाणे त्याला तुरुंगात राहून राजाच्या क्षमेची वाट पाहावी लागे आणि क्षमा मिळाली, तरी त्याची जंगम मालमत्ता सरकारजमा होई. दरोडेखोरास किंवा घरफोड्यास मारणाऱ्याची या जप्तीतून १५३२ मध्ये सुटका झाली. इतरांच्या बाबतीत ती १८२८ मध्ये रद्द झाली. अचानक जुंपलेल्या मारामारीत मागे हटण्यास जागा उरेपर्यंत हटले पाहिजे, असाही तेथील दंडक होता.

१८३३ च्या सनदी कायद्यानुसार नेमलेल्या पहिल्या विधी आयोगाने मेकॉलेच्या नेतृत्वाखाली भारतीय दंडसंहितेचा मसुदा तयार केला (१८३७). त्यात हा हक्क इंग्लंडच्या मानाने बराच सढळ हाताने देण्यात आला. येथील लोक दरोडेखोरांचे अत्याचार मुकाट्याने सोसतात, तेव्हा त्यांच्यावर निर्बंध वाढविण्यापेक्षा त्यांच्यात प्रतिकाराची वृत्ती जागविणे इष्ट, असे कारण त्यास जोडलेले होते. या कारणातला परकीय राज्यकर्त्याचा तोरा लपत नाही. पण त्यातून निघालेली कलमे टिकाऊ ठरली. १८६० च्या संहितेत (अंमल १ जानेवारी १८६२ पासून) ती ९६ ते १०६ या क्रमांकांनी आली. मृत्यू वा जबर दुखापत यांची वाजवी भीती, बलात्कार किंवा पळवून नेणे यांच्या उद्देशाने केलेला हल्ला, तसेच जबरी चोरी व रात्रीची घरफोडी अशा ठराविक प्रसंगी आक्रमकाचा जीव घेण्यापर्यंत हा हक्क पोहोचतो. सरकारी अधिकाऱ्यांकडे दाद मागण्यास अवधी असेल तर तो मिळत नाही आणि जरुरीपेक्षा अधिक इजा करता येत नाही. सद्‍भावनेने, पूर्वनियोजनाविना ही मर्यादा ओलांडली गेली व त्यात मृत्यू घडला, तर तो खून न ठरता सदोष मनुष्यवध ठरतो.

धमकीची गोष्ट येथे विशेष लक्षणीय आहे. नुसती धमकी देणे हाही एक स्वतंत्र गुन्हा आहे (कलम ५०३). प्रत्यक्ष वार होण्यापूर्वी, प्रयत्नातून वा धमकीतून धोक्याची वाजवी भीती उत्पन्न होताच स्वसंरक्षणाचा हक्क सुरू होतो. परंतु ‘याला मार, नाहीतर तुला मारतो’ अशा धाकाखाली तिऱ्हाइताचा खून करणाऱ्याला संहितेने माफी दिलेली नाही; तत्काळ मृत्यूच्या धाकाने केलेले इतर बहुतेक गुन्हे मात्र क्षम्य ठरतात (कलम ९४).

भीतीच्या मोजमापाबद्दलचा महत्त्वाचा निर्णय अमजदखान खटल्यात झाला (१९५२). १९५० साली कटनी येथील दंगलीत जमावाने एका दुकानदाराच्या भावाचे शेजारचे दुकान लुटले आणि मग तो त्याच्या दारावर लाठ्या हाणू लागला. आत कुटुंब असलेल्या या दुकानदाराने गोळ्या झाडल्या व एक जण मेला. खालच्या न्यायालयांनी त्याला दोषी धरले. सर्वोच्च न्यायालयाने सोडून दिले. निकाल लिहिणारे न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस हे पूर्वी नागपूर उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायाधीश होते. अशा वेळी काय करावे हे सोन्याच्या ताजव्यात तोलता येत नाही आणि दार फुटेपर्यंत थांबण्याचे बंधन कोणावर नाही, असा त्यांच्या विवेचनाचा आशय आहे. पळून जाणे शक्य असले तरी पळालेच पाहिजे असे नाही, हेही पुढे जयदेव खटल्यात (१९६२) स्पष्ट झाले.

ॲसिडच्या हल्ल्याचा समावेश २०१३ मध्ये झाला. १ जुलै २०२४ पासून अंमलात आलेल्या भारतीय न्याय संहितेत हीच योजना ३४ ते ४४ या कलमांत थोड्या फेरफारांनी राहिली आहे. भीती ही त्या क्षणीची असली पाहिजे, ही अट मात्र तशीच आहे. त्यामुळे वर्षानुवर्षे मारहाण व धमक्या सोसून एखाद्या रात्री निजलेल्या नवऱ्यावर घाव घालणाऱ्या स्त्रीला या कलमांचा आधार मिळणे कठीण जाते. तिच्या वकिलाला बहुधा गंभीर प्रक्षोभाच्या अपवादाकडे वळावे लागते आणि तेथेही तो प्रक्षोभ आकस्मिक असावा लागतो.