आमच्या अंगणांतील सावलीच्या झाडांची हकीकत

ज्युबिलीच्या पुस्तकांत धर्मगुरूंचीं नांवें येतात, शाळेची हकीकत येते, घंटा केव्हां आणली व देवालयाचा सज्जा कोणी बांधला हेंहि येतें. परंतु मिस्सा आटोपल्यावर ज्यांच्या सावलींत उभे राहून आपण एकमेकांची विचारपूस करितों, मिरवणुकीच्या दिवशीं ज्यांच्या बुंध्यांना पताकांच्या दोऱ्या बांधितों, त्या झाडांविषयीं एक ओळहि कोणी लिहीत नाहीं. ही उणीव भरून काढावी असें मनांत आल्यावरून आम्ही हा लेख लिहावयास घेतला आहे.

आपल्यापैकीं पुष्कळांस गुलमोहोर हें येथलेंच झाड वाटतें. पण त्याचें मूळ घर आफ्रिकेच्या पूर्वेकडील मादागास्कर बेट होय. बोजेर नांवाच्या वनस्पतिशास्त्रज्ञास तें तेथें आढळलें, आणि १८२९ सालीं त्याचें वर्णन विलायतेंत छापून निघालें. पुढें शंभर वर्षांच्या आंत तें उष्ण प्रदेशांत सर्वत्र पसरलें. ज्याला आपण रेन ट्री म्हणतों, तें विशाल छत्रीसारखें झाड मध्य अमेरिका व दक्षिण अमेरिकेच्या उत्तर भागांतलें. सायंकाळीं व आभाळ भरून आलें असतां त्याचीं पानें मिटतात. पिवळ्या फुलांचा सोनमोहोर सिंहलद्वीप, अंदमान व मलाया या बाजूचा. आपल्या कबरस्तानांत पांढरीं फुलें ढाळणारा खुरचाफासुद्धां अमेरिकेहूनच आलेला आहे. मग आपलीं स्वतःचीं कोणतीं? वड, पिंपळ, बकुळ, उंडी, भेंड, करंज, बहावा आणि ताम्हण. यांतील ताम्हणाचें फूल आज महाराष्ट्राचें राज्यपुष्प आहे.

वसई व साष्टीकडील आपल्या वाडवडिलांनीं दारांत झाड लावलें तें बहुधा उपयोगासाठीं. माड, आंबा, फणस, चिंच, हीं त्यांचीं झाडें. सावली मिळे ती वरकड लाभ म्हणून. केवळ शोभेसाठीं व सावलीसाठीं झाड लावावें ही हौस मागाहूनची, आणि तिचा कांहीं इतिहास मुंबईशीं निगडित आहे. पोर्तुगीज अमदानींत गार्सिया द ओर्ता या वैद्यास मुंबई बेट खंडानें मिळालें होतें. त्याचा औषधी वनस्पतींवरील ग्रंथ १५६३ सालीं गोव्यास छापला गेला. पुढें इंग्रजी राज्यांत, १८३० सालीं, पश्चिम हिंदुस्थानची शेती व बागाईत मंडळी स्थापन झाली. तिची बाग शिवडीस होती. १८६२ मध्यें भायखळ्याचें व्हिक्टोरिया उद्यान (हल्लींचें वीरमाता जिजाबाई भोसले उद्यान) खुलें झालें, आणि १८६५ च्या सुमारास शिवडीची ती जागा ख्रिस्ती दफनभूमीसाठीं घेण्यांत आली. जेथें पूर्वीं रोपें वाढविलीं जात, तेथेंच आज मुंबईंतील अनेक ख्रिस्ती कुटुंबांचे आप्त विसांवले आहेत!

या कामीं येशूसंघीय फादरांची सेवा विसरण्याजोगी नाहीं. स्वित्झर्लंडांत १८७७ सालीं जन्मलेले फादर एथेलबर्ट ब्लाटर हे मुंबईच्या सेंट झेवियर्स कॉलेजांत आले व त्यांनीं या प्रांताच्या वनस्पतींचा मोठा संग्रह केला. तो संग्रह आजहि त्यांच्याच नांवानें तेथें नांदत आहे. मिलार्ड साहेबांबरोबर त्यांनीं हिंदुस्थानांतील सुंदर वृक्षांवर लिहिलें. तें पुस्तक १९३७ सालीं निघालें, पण तें पाहावयास फादर राहिले नव्हते. १९३४ मध्येंच ते देवाघरीं गेले होते. त्यांच्यामागून स्पेनहून आलेले फादर सांतापाव यांनीं तेंच व्रत चालविलें. ते पुढें भारतीय वनस्पति सर्वेक्षण खात्याचे संचालक झाले व १९६७ सालीं त्यांस पद्मश्री मिळाली.

आतां खताविषयीं. आपल्या वाड्यांत शेणखत, पेंड व मासळीचें खत हींच काय तीं खतें पिढ्यान्‌पिढ्या चालत. १८४० सालीं जर्मन रसायनवेत्ता लीबिग यानें झाडाचें अन्न खनिज क्षारांत आहे असें प्रतिपादिलें. १८४२ मध्यें लॉझ यानें इंग्लंडांत सुपरफॉस्फेटचा हक्क नोंदविला. १९०९ मध्यें हाबर यानें हवेंतील नत्रापासून अमोनिया करून दाखविला. तेव्हांपासून पोत्यांतील खताचा जमाना आला. उलट पक्षीं अल्बर्ट हॉवर्ड यानें १९२४ ते १९३१ पर्यंत इंदूर येथें राहून पालापाचोळा व शेण यांचें कुजलेलें खत करण्याची रीत बसविली. दारांतल्या झाडापुरतें विचाराल तर आमचा कौल हॉवर्डच्या बाजूनें आहे. केळीला जें मानवतें तें बहाव्याला मानवेलच असें नाहीं. नत्र फार झालें कीं पानें माजतात, फुलोरा कमी येतो व फांद्या ठिसूळ होतात.

खत कोठें घालावें हें तर कित्येकांस ठाऊकच नसतें; ते बुंध्याशीं ढीग घालतात. अन्न शोषणारीं बारीक मुळें बुंध्यापाशीं नसून फांद्यांच्या टोकांखालीं व त्याहीपलीकडे, बहुतेक वरच्या हात-दीड हात मातींत पसरलेलीं असतात. म्हणून चांगलें कुजलेलें शेणखत तेथें पसरावें. वर वाळलेला पाला चार बोटें अंथरावा, मात्र तो बुंध्याला टेकूं देऊं नये. पहिला पाऊस स्थिरावल्यावर हें करावें. आषाढाच्या मुसळधारेंत घातलेलें सारें वाहून जातें. नव्या रोपाच्या खड्ड्यांत पहिल्या वर्षीं कडक खत मुळींच नको, दोन उन्हाळे पाणी मात्र हवें. शेंगांचें झाड स्वतःच नत्र मिळवितें हा समज अर्धाच खरा आहे. रेन ट्रीच्या मुळांवर तशा गांठी असतात. गुलमोहोर व बहावा यांच्या मुळांवर त्या आढळत नाहींत. आणि गळलेला पाला जाळणें म्हणजे विकत आणलेल्या खतास स्वतःच काडी लावणें होय.

वाचकहो, हें सर्व आज सांगण्याचें कारण वेगळेंच आहे. उत्सवाच्या निमित्तानें आवारांत फरशी व काँक्रीट घालण्याची हौस ठिकठिकाणीं वाढली आहे. बुंध्याला भिडवून काँक्रीट घातलें म्हणजे मुळांना पाणी व हवा मिळत नाहीं. झाड लगेच मरत नाहीं. चार-पांच वर्षें सुकत जातें, आणि मग दोष किडीला दिला जातो. २०१० नंतरच्या दशकांत मुंबईंतील पुष्कळ रेन ट्री पिठ्या ढेकणानें मेले हें खरें. पण आधींच उपाशी असलेल्या झाडाला कीड लवकर गांठते. १७ मे २०२१ रोजीं तौक्ते वादळांत मुंबईंत शेकडों झाडें पडलीं. ज्यांचीं मुळें चर खणतांना एका अंगानें तोडलेलीं असतात, त्यांना अशा वाऱ्यांत आधार राहत नाहीं. बुंध्याभोंवतीं निदान तीन हात माती मोकळी सोडावी, अधिक सोडतां आल्यास फारच उत्तम. मोठी फांदी उतरवावयाची तर १९७५ च्या कायद्याप्रमाणें शहरी हद्दींत परवानगी घ्यावी लागते, हेंहि पंचांनीं ध्यानांत ठेवावें.

गुलमोहोर भिंतीजवळ लावूं नये. त्याचीं मुळें उथळ व लांकूड कच्चें. लहान अंगणास बकुळ किंवा ताम्हण बरा, समुद्राजवळ उंडी. बकुळ फार सावकाश वाढतो, तेव्हां लावणाऱ्यानें नातवंडांवर नजर ठेवूनच तो लावावा. बहाव्याचें बीं कठीण असतें. तें कढत पाण्यांत टाकून रात्रभर तसेंच भिजत ठेवावें व सकाळीं फुगलेलें तेवढेंच पेरावें.