पार्करच्या रेकॉर्ड आणि गाळलेला आवाज
ऑगस्ट १९४२ मध्ये अमेरिकेतल्या वादक-संघटनेनं सभासदांना रेकॉर्ड कंपन्यांसाठी वाजवायला बंदी केली. ती पूर्ण उठली नोव्हेंबर १९४४ मध्ये. नेमक्या याच काळात सॅक्सोफोनवादक चार्ली पार्कर आणि त्याचे सोबती न्यूयॉर्कमध्ये 'बीबॉप' ही जॅझची नवी शैली घडवत होते. म्हणून १९४५ च्या रेकॉर्ड ऐकताना ती आकाशातून पडल्यासारखी वाटते. पुढे १९४७-४८ मध्ये डीन बेनेडेट्टी या चाहत्यानं क्लबांमध्ये पार्करला टिपलं. पण यंत्र चालायचं ते बहुतेक त्याच्या सोलोपुरतंच. साथीदारांचं वादन बरंचसं हरवलं. आपला डेटाही असाच असतो. विश्लेषणाला बसण्याआधी विचारा: हे टिपलं कोणी, आणि यंत्र बंद कधी होतं?