दर्या आणि काठ यांच्यामध्ये : 'सर्फ' या संज्ञेचा प्रवास

'सर्फ' हा शब्द मराठी भाषक समाजाच्या परिचयाचा झाला तो समुद्रामुळे नव्हे. १९५९ मध्ये त्या नावाची धुण्याची पावडर भारतीय बाजारात आली आणि पाहता पाहता ते विशेषनाम कोणत्याही धुण्याच्या पावडरीचे सामान्यनाम होऊन बसले. बादलीतल्या फेसाचा समुद्राच्या फेसाशी काही संबंध असावा, हे कोणाच्या ध्यानी येण्याचे कारण नव्हते. त्यानंतर दूरचित्रवाणीच्या वाहिन्या बदलत राहण्याला आणि पुढे संगणकाच्या जाळ्यात भटकण्याला 'सर्फिंग' म्हणण्याची रीत इंग्रजीतून आली. शब्द आला, त्याची लक्षणाही आली. त्याचा वाच्यार्थ मात्र आपल्यापर्यंत कधी नीट पोचलाच नाही. यातली गंमत अशी की, त्या वाच्यार्थाचे इंग्रजीतील आरंभीचे प्रयोग बव्हंशी हिंदुस्थानच्या किनाऱ्याविषयीचे आहेत. प्रस्तुत लेखात या संज्ञेचा इतिहास तपासावयाचा आहे, तो व्युत्पत्तीच्या कुतूहलापोटी नव्हे. लाटा फुटणाऱ्या किनाऱ्याला नाव देणारा माणूस त्या वेळी कोठे उभा असतो, जहाजावर, होडीत, लाटेवर की घरात, हा प्रश्न या शब्दाच्या निमित्ताने उपस्थित करता येतो असे मला वाटते.

आधी अर्थाची सीमा निश्चित केली पाहिजे. 'सर्फ' म्हणजे लाट नव्हे. लाटा मोजता येतात, 'सर्फ' मोजता येत नाही. इंग्रजीत ते अगणनीय नाम आहे. सोस्यूरने सांगितल्याप्रमाणे चिन्हाचे मूल्य त्याच्या शेजारच्या चिन्हांशी असलेल्या भेदातून ठरते. इंग्रजीत खोल समुद्रात दुरून येणाऱ्या संथ फुगवट्याला 'स्वेल', उठलेल्या पाण्याला 'वेव्ह', काठाजवळ फुटणाऱ्या एकेका लाटेला 'ब्रेकर' आणि अशा लाटा फुटत राहिल्याने काठालगत जो खळबळता, फेसाळ पट्टा तयार होतो त्याला 'सर्फ' असे म्हणतात. म्हणजे ही संज्ञा पदार्थवाचक भासली तरी तिच्यात स्थलवाचकता आरंभापासूनच आहे. मराठीत लाट, उधाण, फेस, भरती ही सारी नामे आहेत, परंतु या पट्ट्याचे स्वतंत्र नाव प्रमाण मराठीत नाही. ही मराठीची उणीव मानण्याचे कारण नाही. तिची मीमांसा पुढे येईल.

सोळाव्या शतकाच्या अखेरीस इंग्रजी प्रवासवृत्तांतात 'सफ' असे रूप आढळते आणि सतराव्या शतकाच्या उत्तरार्धापासून 'सर्फ' हे रूप दिसू लागते. मधला रकार कोठून आला याविषयी कोशकारांत एकवाक्यता नाही. उसळी या अर्थाच्या 'सर्ज' या शब्दाचा परिणाम झाला असावा असा एक तर्क आहे. मूळ शब्दाविषयी दोन पक्ष आहेत. सुरुवातीचे प्रयोग हिंदुस्थानच्या किनाऱ्याशी निगडित असल्याने शब्दही येथल्याच एखाद्या भाषेतून गेला असावा, हा एक पक्ष. दुसऱ्या पक्षाच्या मते, वाऱ्याचा किंवा पाण्याचा सळसळता, घोंगावणारा आवाज या अर्थाचा एक जुना इंग्रजी शब्द आहे, त्याचा एक उच्चार 'सफ' असा होतो आणि 'सर्फ' हे त्याचेच रूपांतर.

पहिल्या पक्षाचा मोह आपल्याला पडणे स्वाभाविक आहे. देशीवादाच्या चर्चेने आपल्याकडे जे आत्मभान आणले त्याचे मोल मी कमी लेखत नाही. पण त्याच्या पाठोपाठ जगातला प्रत्येक शब्द आपल्या अंगणात उगवला असे दाखवण्याची जी हौस बळावली, ती व्युत्पत्तिशास्त्राला पेलणारी नाही. राजवाड्यांच्या प्रतिभेचा माणूसही या हौसेपासून सर्वस्वी अलिप्त राहू शकला नव्हता, हे त्यांच्या स्थलनामांच्या व्युत्पत्ती वाचणाऱ्यास ठाऊक आहे. 'सर्फ'च्या बाबतीत ज्याचे ध्वनिरूप आणि अर्थ दोन्ही जुळतील असा शब्द तमिळ, तेलुगू वा अन्य कोणत्याही किनारी भाषेतून कोणी समाधानकारकपणे दाखवलेला नाही. याच किनाऱ्यावरून इंग्रजीत गेलेल्या 'कॅटमरान'शी तुलना केली म्हणजे फरक कळतो. तेथे 'कट्टु' म्हणजे बांधणे आणि 'मरम' म्हणजे लाकूड हे तमिळ घटक निर्विवाद आहेत आणि बांधलेल्या ओंडक्यांची ती वस्तूही डोळ्यांसमोर आहे. शब्द एखाद्या किनाऱ्याविषयी वापरला गेला म्हणजे तो त्या किनाऱ्याच्या भाषेत जन्मला, असे होत नाही. किंबहुना येथे उलटेच घडले असण्याचा संभव अधिक: गरज या किनाऱ्याने निर्माण केली, शब्द मात्र आलेल्याने आपल्या पोतडीतून काढला.

ती गरज कोणती होती हे चोळमंडलाच्या किनाऱ्यावर स्पष्ट होते. व्हेनिसचा रत्नव्यापारी चेझारे फेदेरिची सोळाव्या शतकाच्या उत्तरार्धात पूर्वेकडे हिंडत होता. त्याचा वृत्तांत १५८७ मध्ये इटालियनमध्ये आणि १५८८ मध्ये टॉमस हिकॉकच्या भाषांतराने इंग्रजीत आला. सांतोमे येथे, म्हणजे आजच्या चेन्नईतील मैलापूरच्या परिसरात, माल चढवण्या-उतरवण्याचे जे दृश्य त्याने पाहिले त्याचे त्याला आश्चर्य वाटले. जहाजांच्या स्वतःच्या होड्या त्या लाटांत फुटून जातील, म्हणून तेथील लोक फळ्या दोरीने शिवून उंच काठांच्या होड्या करीत. त्याच पुढे 'मसुला' या नावाने प्रसिद्ध झाल्या. त्यांना आतून वासे नसत आणि खिळेही नसत. काथ्याने शिवलेल्या फळ्या धक्क्यासरशी लवत आणि म्हणूनच टिकत. १६३९ मध्ये इंग्रजांनी मद्रासला जागा मिळवली ती याच उघड्या किनाऱ्यावर. तेथे ना खाडी, ना आडोसा. जहाजे दूर नांगर टाकीत, आणि माणूस, माल, घोडा, जे काही असेल ते मसुल्यातून लाटांचा पट्टा ओलांडून काठावर येई. समुद्र फार खवळलेला असेल तर कट्टुमरमवाले टोकदार टोपीत पत्रे घालून जहाजापर्यंत नेत. १८६१ मध्ये लोखंडी धक्का झाला; पुढे बंदराचे बांधकाम सुरू झाले, त्याची १८८१ च्या चक्रीवादळाने दाणादाण केली. अडीचशे वर्षांच्या आसपास एका साम्राज्याचा व्यापार काही शे यार्डांच्या फेसावर आणि तो फेस ओलांडणाऱ्या नावाड्यांवर अवलंबून राहिला.

तेव्हा इंग्रजी प्रवासवर्णनांतला 'सर्फ' हा जहाजावरून पाहिलेला पट्टा आहे. तो अडथळा आहे, भय आहे, मद्रासला पोचल्याची पहिली शिक्षा आहे. लेखक जहाजाच्या कठड्याशी उभा आहे, त्याची पेटी होडीत आहे आणि त्याचा जीव दुसऱ्याच्या हाती आहे. ज्याच्या हाती तो आहे, त्या नावाड्याला हा पट्टा एकजिनसी दिसत नसणार. कोणत्या लाटेमागे होडी घालावी, केव्हा वल्ही आवरावीत, केव्हा जोर लावावा, हे सारे त्याला क्षणाक्षणाला ठरवावे लागे. एवढे सूक्ष्म ज्ञान नावांवाचून, संज्ञांवाचून पिढ्यान्‌पिढ्या चालत आले असेल हे संभवत नाही. इंग्रजीने त्यांची होडी घेतली, ओंडके घेतले, लाटेचे शब्द मात्र घेतले नाहीत. वासाहतिक ज्ञानव्यवहाराविषयी आपण सईदच्या आधारे पुष्कळ लिहिले आहे. तथापि अनुल्लेखाचे असे बारीक नमुने शब्दकोशाच्या पानांतून शोधण्याचे काम अजून व्हावयाचे आहे.

आता कोकण. कोकणच्या किनाऱ्यावर लाटा फुटत नाहीत असे नाही. पण येथील व्यापार उघड्या पुळणीवर चालला नाही. दाभोळ, जैतापूर, विजयदुर्ग ही बंदरे खाड्यांच्या आडोशाला वसली आणि मुंबईला तर निसर्गाने बंदरच दिले. पावसाळ्यात दर्या बंद, नारळी पौर्णिमेला खुला: येथे अडथळा स्थळाचा नसून काळाचा होता. म्हणून मराठीला पट्ट्याचे नाव लागले नाही. मात्र काळ आणि काठ यांना एकत्र बांधणारा एक शब्द आपल्याकडे होता. संस्कृत 'वेला' म्हणजे सीमा, किनारा, भरती आणि वेळही. रघुवंशाच्या पहिल्या सर्गात दिलीपाच्या पृथ्वीला वेलेचाच तट आहे, म्हणजे तेथे किनारा ही राज्याची भिंत आहे. मराठीत 'वेळ' बहुतांशी घड्याळाकडे गेली. किनाऱ्याचा अर्थ शिरोड्याच्या वेळागरसारख्या स्थलनामांत तेवढा उरला. बोलीत समुद्रकाठाला वेळ म्हणणारी माणसे आहेत, पण प्रमाण भाषेने फारसी 'किनारा' जवळ केला.

फुटणाऱ्या लाटांसाठी मराठीने आणखी एक शब्द घडवला, तो 'गाज'. हा डोळ्यांचा नव्हे, कानांचा शब्द. माडांच्या आड घर आहे, समुद्र दिसत नाही, तरी गाज ऐकू येते. 'सर्फ' उच्चारणारा जहाजावर आहे, 'गाज' म्हणणारा ओटीवर. अनुवादकाने 'सर्फ'साठी 'गाज' योजली तर पट्टा हरवतो. 'फेसाळ लाटा' म्हटले तर आवाज आणि स्थळ दोन्ही हरवतात. परंतु वर सांगितलेला दुसरा व्युत्पत्तिपक्ष खरा असेल, तर 'सर्फ'देखील मुळात आवाजाचाच शब्द ठरतो. मग रात्री नांगरलेल्या जहाजावर काठ न दिसता जे ऐकू आले त्यालाच ते नाव मिळाले, असे म्हणावे लागते. मला व्यक्तिशः हाच पक्ष अधिक सबळ वाटतो.

शब्दाचे दुसरे आयुष्य पॅसिफिकमध्ये सुरू झाले. कुकच्या तिसऱ्या सफरीतील अधिकारी जेम्स किंग याने १७७९ मध्ये हवाई बेटावर केआलाकेकुआच्या उपसागरात लोक फळ्यांवर पालथे पडून लाटांबरोबर काठाकडे येताना पाहिले. १७८४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या वृत्तांतात त्याने आधी 'सर्फ'ची रुंदी दिली आहे, काठापासून सुमारे १५० यार्ड. पट्टा मोजण्याची ही खलाशी सवय, आणि त्या पट्ट्यात माणसे खेळताहेत याचा अचंबा, दोन्ही एकाच परिच्छेदात आहेत. ज्यांना तो पाहत होता त्यांच्या भाषेत या कृतीचे नाव 'हेए नालू'. 'हेए' म्हणजे सरकणे, निसटणे; 'नालू' म्हणजे लाट. 'नालू'चा आणखी एक अर्थ मनन करणे असा आहे. त्यावर काव्यमय भाष्य करण्याचा मोह अनेकांनी आवरलेला नाही, मी तो आवरतो. महत्त्वाचे हे की येथे पट्टा सरसकट नाही. लाटा फुटण्याच्या एकेका जागेला स्वतंत्र नाव होते. वायकीकीच्या अशाच एका जुन्या जागेचे नाव कालेहुआवेहे. पुढे तिला इंग्रजीत 'कॅसल्स' म्हणू लागले.

१८२० नंतर आलेले मिशनरी, रोगराईने घटलेली लोकसंख्या, १८९३ मध्ये पदच्युत झालेली राणी, १८९८ मधील अमेरिकी सामिलीकरण, हा क्रम सुपरिचित आहे. त्याच ओघात 'हेए नालू' मागे पडले आणि 'सर्फ-रायडिंग' पुढे आले. मार्क ट्वेनने १८७२ च्या पुस्तकात आपल्या फसलेल्या प्रयत्नाची थट्टा केली. १९०७ मध्ये जॅक लंडनने याच खेळाला राजेशाही म्हणून गौरवले. राज्य गेल्यावर खेळाला राजेपण देण्याची ही तऱ्हा अभ्यासकांनी नजरेआड करू नये. ड्यूक कहानामोकू या हवाईच्या ऑलिंपिक जलतरणपटूने १९१४-१५ मध्ये सिडनीजवळ प्रात्यक्षिके केली आणि ऑस्ट्रेलियात खेळाला बहर आला. येथून पुढे क्रियापदाने नामावर मात केली. ज्या पट्ट्यातून जीव वाचवून पलीकडे जावयाचे, तोच आता मुक्कामाचे ठिकाण झाला.

या अर्थपालटाची खूण नकाशावर उमटली. क्वीन्सलँडमधील एल्स्टन या गावाने १९३३ मध्ये 'सर्फर्स पॅरडाइज' हे नाव घेतले. व्हिक्टोरियात टॉर्की आणि बेल्स बीच यांचा परिसर 'सर्फ कोस्ट' म्हणून ओळखला जातो आणि १९९४ मध्ये स्थापन झालेल्या स्थानिक प्रशासनाचे अधिकृत नावच 'सर्फ कोस्ट शायर' असे आहे. बेल्स बीचवर १९६२ पासून स्पर्धा होतात. १९६९ मध्ये टॉर्कीतच या खेळाच्या सामानाच्या दोन जगप्रसिद्ध कंपन्या निघाल्या. ही भूमी मूळच्या वाडावुरुंग लोकांची आहे, हे नव्या नावावरून कळण्याची सोय नाही. ज्या शब्दाने जहाजाला 'येथे येऊ नको' असे बजावले होते, तोच आता पर्यटकाला बोलावतो आणि घरपट्टीच्या पावतीवर छापला जातो. पट्टा तोच, त्याच्याकडे पाहणारा मात्र जहाजावरून उतरून काठावर आला आणि तेथे त्याने जागा विकत घेतली.

चेन्नईच्या दक्षिणेस कोवळम येथे गेल्या दोन दशकांत कोळ्यांच्या मुलांनी हा खेळ उचलला आहे. भारतीय सर्फिंग महासंघ २०११ मध्ये स्थापन झाला. टोकियोच्या २०२० च्या, म्हणजे प्रत्यक्षात २०२१ मध्ये झालेल्या, ऑलिंपिकपासून हा खेळ ऑलिंपिकमध्येही आला. मराठी वृत्तपत्रे त्याला 'सर्फिंग' म्हणतात. 'लाटेवरून घसरणे' म्हणावे तर मराठीत घसरणे म्हणजे पडणे, आणि 'घसरगुंडी' म्हटले की बालोद्यान आठवते. तमिळ वृत्तपत्रांनी मात्र 'अलैच्चरुक्कु' हा शब्द रूढ केला आहे. 'अलै' म्हणजे लाट, 'चरुक्कु' म्हणजे सरकणे. ज्या किनाऱ्यामुळे 'सर्फ' इंग्रजीत रुजला, त्या किनाऱ्याने तो परत घेतला नाही. आणि जो शब्द घडवला तो रचनेने थेट 'हेए नालू'चा सख्खा भाऊ निघाला.