कोबोल : ऐंशी रकान्यांची शिस्त

मे १९५९ मध्ये पेंटागॉनमध्ये एक बैठक भरली. अडचण अशी, की प्रत्येक कंपनीच्या संगणकाची भाषा वेगळी. यंत्र बदललं की प्रोग्राम नव्याने लिहा. त्यातून कोबोल जन्मली. नौदलाच्या ग्रेस हॉपर यांच्या फ्लो-मॅटिकचा तिच्यावर मोठा प्रभाव. डिसेंबर १९६० मध्ये एकच प्रोग्राम, किरकोळ बदल करून, दोन कंपन्यांच्या यंत्रांवर चालला.

शिकणाऱ्याला आधी शिस्त लागे. पंचकार्डावर ८० रकाने. सातवा खुणेचा, आठव्यापासून मजकूर, ७२ नंतरचं कंपायलर वाचतच नसे. जागा वाचवायला वर्षाचे दोनच अंक ठेवत. २००० साल जवळ आलं, तेव्हा निवृत्त प्रोग्रामरांना परत बोलवावं लागलं.

आजही बँकांत कोबोल चालते. शिकायला बसाल, तर आधी डेटा विभाग उघडा आणि वर्षाला किती अंक दिलेत, ते पाहा.