कुलूप त्यांचं, शब्द आपले

१९९८ साली माझा पहिला कवितासंग्रह निघाला. डीटीपीवाल्याच्या संगणकामागे, प्रिंटरची वायर लागते तिथे, काडेपेटीएवढी एक डबी खोचलेली असे. मी विचारलं तर म्हणाला, "लॉक आहे, भाई. हे काढलं की मराठी सॉफ्टवेअर सुरूच होत नाही." रात्री तो ती डबी गल्ल्यात ठेवून मगच घरी जाई.

या डबीला डोंगल म्हणतात. पहिली डोंगल १९८० साली आली, कमोडोर पेट संगणकावरच्या 'वर्डक्राफ्ट' या लेखनाच्या प्रोग्रॅमसाठी. ती कॅसेटच्या जोडणीत बसे. प्रोग्रॅमला तिच्याकडून ठरलेली खूण मिळाली, तरच काम पुढे चाले. १९९२ साली एका कंपनीने जाहिरातीत सांगितलं, की 'डॉन गॉल' नावाच्या संशोधकावरून हा शब्द आला. तो गृहस्थ निव्वळ काल्पनिक होता!

चोरून नकला होत असताना कंपन्यांनी कुलूप लावलं, यात वावगं काही नाही. पण १९९६ मध्ये यूएसबी आलं आणि पुढे प्रिंटरची ती जुनी जोडणी संगणकावरून नाहीशी झाली. जुन्या लॉकचे ड्रायव्हर नव्या ६४ बिट विंडोजवर चालेनात.

हे मला कळलं दुसऱ्या आवृत्तीच्या वेळी. अब्बांवरची एक कविता संग्रहात घ्यायची राहिली होती. वही पावसात भिजून गेलेली. कविता उरली फक्त त्या दुकानातल्या फाइलीत. डबी होती, पण ती खोचायला जागाच नव्हती. फाइल दुसरीकडे उघडली, तर अक्षरांच्या जागी नुसती चित्रविचित्र चिन्हं. मजकूर त्या सॉफ्टवेअरच्या खासगी सांकेतिक लिपीत होता, युनिकोडमध्ये नव्हता.

शेवटी एका छापखान्यात जपून ठेवलेला जुना संगणक सापडला. डबी लावली, कविता कागदावर काढली आणि घरी युनिकोडमध्ये पुन्हा टाइप केली.

तुमच्याकडेही असं लॉक असेल, तर त्याचा ड्रायव्हर जपून ठेवा. ते नव्या यंत्रावर चालतं का, हे पाहिल्याशिवाय जुनं यंत्र भंगारात देऊ नका. आणि आपला मजकूर युनिकोडमध्ये वेगळा काढून ठेवा.

अब्बा ट्रंकेला कुलूप लावत, पण किल्ली कुठे ठेवली हे अम्मीला सांगून ठेवत.