मोर्चाचे दफ्तर

सरकारदरबारी मोर्चाची नोंद परवानगीचा अर्ज आणि बंदोबस्ताचा अहवाल या दोन कागदांत आटोपते. चालणाऱ्यांचे श्रम, त्यांच्या घोषणा आणि त्यांचे युक्तिवाद यांना तेथे रकाना नसतो. तो रिकामा रकाना भरण्याची कामगिरी आपल्याकडे स्वतंत्र माहितीपटकारांनी अंगावर घेतली, आणि त्या इतिहासाचे एक प्रकरण मुंबईच्या उपनगरांतून जाते.

११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबाराने दहा माणसे मृत्युमुखी पडली आणि त्या आघाताने विव्हळ झालेले मुलुंडचे लोकशाहीर विलास घोगरे यांनी चारच दिवसांनी आत्महत्या केली, तेव्हा माहितीपटकार आनंद पटवर्धन यांनी आरंभिलेले चित्रण ‘जय भीम कॉम्रेड’ या रूपाने सिद्ध व्हावयास १४ वर्षे लागली. त्याच काळात त्यांच्या कॅमेऱ्यास दुसरी वाट फुटली. चेंबूरपलीकडील तुर्भ्याच्या अणुभट्टीतील प्लुटोनियमवर १९७४ चा देशाचा पहिला अणुस्फोट पोखरण येथे झाला होता. पुढे ११ मे १९९८ रोजी, ऐन बुद्धपौर्णिमेस, पोखरणची भूमी पुन्हा हादरली आणि पेढे वाटले गेले. वर्षाने त्या स्फोटांच्या निषेधार्थ काही माणसे त्याच पोखरणहून सारनाथकडे पायी निघाली व हिरोशिमादिनी पोहोचली. तारुण्यात अमेरिकेत शिकत असता व्हिएतनाम युद्धाविरुद्धच्या चळवळीत उतरलेल्या पटवर्धनांनी ही पदयात्रा, तसेच पाकिस्तान व जपान येथील युद्धविरोधी माणसे, ‘जंग और अमन’ या २००२ च्या माहितीपटात नोंदविली.

चित्रपट परिनिरीक्षण मंडळाने या माहितीपटावर २१ काटछाटी सुचविल्या. परंतु एप्रिल २००३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने एकही काट न लावता प्रमाणपत्र देण्याचा हुकूम केला. या निवाड्याने रस्त्यावरच्या असहमतीची ती नोंद अखंड राहिली.

उपनगरांतील असहमती तेवढ्यावर थांबली नाही. पुढच्याच जानेवारीत गोरेगावच्या नेस्को मैदानावर जागतिक सामाजिक मंच भरला, तेव्हा कारखान्याच्या जुन्या शेडांमधील वाटा इराक युद्धाच्या निषेधाने दुमदुमल्या.

पटवर्धनांच्या अशा चित्रणाने युद्धे थांबली नाहीत, हे कबूल केलेच पाहिजे. परंतु अणुस्फोटाच्या वेळी अवघा देश एकमुखाने आनंदला होता, असे उद्या कोणी इतिहास म्हणून सांगू लागला, तर त्याच्यासमोर ठेवावयास पुरावा आहे, आणि तो सरकारी दफ्तरातून मागवावा लागत नाही.